हाजीरबाई

आमच्या कार्यालयात नाव पुकारलं की बाकीच्या बायका 'आले, आले' म्हणत उठायच्या. कुणी शेजारणीला कोपरानं ढोसून 'तुझं पुकारलं बघ' म्हणायची, एखादी तर पुकारणाऱ्यावरच खेकसायची की सकाळपासून बसलेय, आत्ता आठवण झाली का. एकच बाई अशी होती की नाव पुरतं उच्चारायच्या आत बाकावरून उठायची, पदर कपाळापर्यंत ओढून घ्यायची आणि फरशीकडं बघत म्हणायची, "हाजीर हाय." मग तिला कितीही वेळा बसा म्हणा, कागद पुरा होईपर्यंत ती बसायची नाही. पहिल्याच वर्षी तिचं नाव हाजीरबाई पडलं. पाडणारा मीच. तेव्हा मला ते फार विनोदी वाटलं होतं.

हाजीरबाई आता नाहीत, म्हणूनच हे लिहायचं धाडस करतो आहे. त्या असत्या आणि आपल्याविषयी कुठं काही छापून आल्याचं त्यांच्या कानावर गेलं असतं, तर त्यांनी पहिला प्रश्न हाच विचारला असता की साहेब, याच्यामुळं काय बंद तर नाही ना व्हायचं.

त्यांचा नवरा लढाईत पडला आणि देशातलं सगळ्यात मोठं शौर्यपदक त्याला मरणानंतर मिळालं. पदकाचं, लढाईचं, गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. ते पदक मिळालेल्यांची यादी इतकी लहान आहे की कुणीतरी बोट ठेवून शोधत बसेल, त्यामुळं थोडा फेरफारही केला आहे. गाव पाचोडच्या पुढं होतं, एवढं पुरे. मी तेव्हाच्या औरंगाबादेत, सैनिकांच्या आणि त्यांच्या विधवांच्या सवलतींचं काम बघणाऱ्या एका कार्यालयात कनिष्ठ लिपिक होतो, तोही हंगामी. सरकार जे देऊ करतं ते माणसापर्यंत पोचवायचं, आणि पोचवण्याआधी ते त्याचंच आहे ना याचे पुरावे मागायचे, असं आमचं दुहेरी काम होतं. त्यातला दुसरा भाग आम्ही फार मन लावून करायचो.

हाजीरबाईंना मिळण्यासारखं पुष्कळ होतं. दर महिन्याचा भत्ता होता. सरकारनं दिलेली जमीन होती, मुरमाड आणि कोरडवाहू का असेना. रेल्वेच्या पहिल्या वर्गाचा पास होता, सोबत एक माणूस नेता येईल असा. एसटीचा पास होता. टेलिफोन मागितला असता तर रांग सोडून मिळाला असता, फक्त गावापर्यंत खांब आलेले नव्हते. सव्वीस जानेवारीला पहिल्या रांगेतली खुर्ची, शाल आणि नारळ होता. आणि यातल्या प्रत्येक गोष्टीची त्यांना भीती वाटायची. "फुकटाचं हाय, म्हंजी कवा बी काढून घेतेल," असं त्या म्हणायच्या. एसटीत त्या पास कधी दाखवायच्याच नाहीत, पदराची गाठ सोडून तिकीट काढायच्या. कंडक्टर खाकी घालतो, पास उलटापालटा करून बघतो, मग सगळी गाडी आपल्याकडं बघते, त्यापेक्षा तिकीट बरं, असा त्यांचा हिशेब होता.

एकदा त्यांना दिल्लीला मानानं बोलावलं होतं. सोबत सासू होती. औरंगाबादला मी स्वतः दोघींना पहिल्या वर्गात बसवून दिलं, म्हणजे सासूला बसवून दिलं. म्हातारी गादीवर मांडी घालून बसली ती बसलीच. हाजीरबाई मात्र हातात पास धरून दारापाशी उभ्या. मनमाडपर्यंत त्या तशाच उभ्या होत्या, हे मला नंतर म्हातारीनंच सांगितलं. वाटेत तिकीट तपासनीस आला, त्यानं पास वाचला आणि टाचा जुळवून बाईंना सलाम केला. त्यानं तर त्या आणखीच घाबरल्या. सलाम केला म्हणजे आता हा काहीतरी मागणार, असं त्यांना वाटलं.

सव्वीस जानेवारीला मैदानावर पोलीस हवेत गोळ्या झाडायचे. त्या वेळी पहिल्या रांगेत हाजीरबाई डोळे मिटून सासूचा हात इतका घट्ट धरायच्या की म्हातारीच्या मनगटात नखं रुतायची. आमच्या कार्यालयात यावर हसू व्हायचं. सगळ्यात शूर माणसाची बायको सगळ्यात भित्री, असं कुणीतरी म्हणायचं आणि बाकीचे माना डोलवायचे. मीही डोलवायचो. एकदा मी त्यांना तोंडावरच विचारलं की तुमचे मालक एवढे शूर, आणि तुम्ही अशा कशा. त्या म्हणाल्या, "त्येला भ्या नव्हतंच जी. दोघांचं मिळून माज्याच वाट्याला आलं."

ही भीती कुठून आली ते सासूकडून कळलं. निजामाविरुद्ध पोलीस ॲक्शन झाली तेव्हा हाजीरबाई पाच-सहा वर्षांच्या होत्या. त्या धामधुमीत त्यांच्या वडिलांना कचेरीत नेलं होतं. कुणी नेलं, कशासाठी नेलं, हे त्या घरात पुन्हा कधी कुणी बोललं नाही. चार दिवसांनी माणूस परत आला, चांगला धडधाकट आला, पण त्यानंतर तो उंबऱ्याबाहेर चप्पल वाजली तरी उठून उभा राहायचा. पोरांना त्यानं एक गोष्ट पाठ करून ठेवायला लावली. कचेरीत नाव पुकारलं की उभं राहायचं, हाजीर म्हणायचं, विचारतील तेवढंच सांगायचं, आणि ते जे म्हणतील त्याला व्हय म्हणायचं. बाकीची पोरं मोठी झाली आणि विसरली. हाजीरबाई विसरल्या नाहीत.

दर वर्षी नोव्हेंबरात विधवांना आमच्याकडं यावं लागायचं. दोन कागद असायचे. एक हयातीचा दाखला, म्हणजे आपण जिवंत आहोत असं आपणच येऊन सांगायचं. दुसरा पुनर्विवाह केला नसल्याचा. दुसरं लग्न केलं की भत्ता बंद. त्याला एकच अपवाद होता, दिराशी लग्न केलं तर भत्ता चालू. दीर आहे का, तो कसा आहे, त्याला स्वतःची बायको आहे का, याची चौकशी नियमात नव्हती. हाजीरबाईंना दीर नव्हताच. त्या दोन्ही कागदांवर अंगठा उठवायच्या आणि दुसऱ्या कागदाच्या वेळी त्यांचा हात किंचित थरथरायचा, त्यामुळं त्यांचा ठसा नेहमी पुसट यायचा. मी वैतागून पुन्हा शाई लावायचो.

आता आमच्या हेडक्लार्कची ओळख करून द्यायला हवी. त्यांना सगळे मुनशीजी म्हणायचे. खुलताबादचे राहणारे, रोज पहिल्या एसटीनं यायचे. शिक्षण उर्दूतलं, नोकरीची सुरुवात निजामाच्या कचेरीत. पोलीस ॲक्शननंतर कारभार पुढं मराठीत आला, तेव्हा भल्या माणसानं एक जाडजूड शब्दकोश विकत घेतला आणि प्रौढ वयात अक्षरओळखीपासून मराठी शिकून घेतली. तो शब्दकोश शेवटपर्यंत त्यांच्या टेबलाच्या खणात असायचा. नवा शब्द दिसला की काढायचे, बघायचे, वहीत लिहायचे. माझी मराठी शाळेपासून पहिल्या नंबराची. मी त्यांना चिडवायचो, मुनशीजी, मराठी पोटातून यावी लागते. ते हसून म्हणायचे, "हमारी तो किताब से आई, क्या करना."

त्या वर्षी सवलतींच्या पडताळणीसाठी गावोगावच्या तलाठ्यांकडं एक छापील तक्ता गेला होता. लाभार्थी हयात आहे काय, आणि मागील वर्षात तिच्या स्थितीत काही बदल झाला काय, अशी दोन घरं त्यात होती. हाजीरबाईंच्या गावाहून तक्ता भरून आला. तलाठ्यानं एका ओळीत आटोपलं होतं: 'हयात. पाट झाला. हरकत नाही.'

मी ती ओळ वाचली आणि खुर्चीत ताठ बसलो. विधवेनं दुसरा घरोबा केला की आपल्याकडं त्याला पाट म्हणतात, हे काय मला शिकवायला हवं होतं? पाट झाला आणि बाईंनी कळवलं नाही. वर तलाठी म्हणतो हरकत नाही, हा कोण हरकत ठरवणार? इतकी वर्षं भीतीनं मान खाली घालून उभी राहणारी ही बाई, बघा कशी निघाली, असंही मनात आलं. मला खरं सांगायचं तर आनंद झाला होता. हंगामी माणसाला कायम व्हायचं असेल तर असं काहीतरी सापडावं लागतं, आणि मला ते सापडलं होतं. मुनशीजी त्या आठवड्यात आजारी होते. मी सुवाच्य अक्षरात टिपण लिहिलं की सदर महिलेने पुनर्विवाह केल्याचे दिसून येते, सबब भत्ता बंद करण्यात यावा. साहेबांनी त्यावर सही केली. मग बाईंना पत्र गेलं की आपण पुनर्विवाह केल्याचे या कार्यालयाच्या निदर्शनास आले आहे, तरी पदकाच्या मूळ कागदपत्रांसह समक्ष हजर राहावे.

त्या आल्या त्या दिवशी पाचोडचा बाजार होता, म्हणजे एसटीला मरणाची गर्दी. त्या गर्दीतून त्या एक मोठं गाठोडं सांभाळत आल्या होत्या. मी नाव पुकारलं. हाजीर हाय म्हणाल्या, आणि पुढं येऊन गाठोडं माझ्या टेबलावर ठेवून सोडायला लागल्या. पदक होतं, सनद होती, रेल्वेचा पास, एसटीचा पास, दिल्लीच्या समारंभातला फोटो होता. त्याखाली घड्या घातलेल्या शाली होत्या, सव्वीस जानेवारीला मिळालेल्या, सगळ्या वर्षांच्या. "समदं आणलंय जी," त्या म्हणाल्या. "दोन वापरल्यात. म्हातारीला थंडी वाजती म्हणून."

तेव्हा तरी मला थांबायला हवं होतं. कागदपत्रं आणा म्हणलं होतं, शाली कुणी मागितल्या होत्या? पण मी रुबाबात होतो. पत्रात लिहिलंय ते कबूल आहे का, असं मी विचारलं. त्या व्हय जी म्हणाल्या. मी जबाब लिहायला घेतला. माणसाचं नाव विचारलं, तेव्हा त्यांनी पहिल्यांदाच मान वर केली आणि म्हणाल्या, त्याचं नाव नका लिहू, त्याचा काही गुन्हा नाही. पलीकडच्या टेबलावर मुनशीजी नुकतेच आजारातून उठून कामावर आले होते, मफलर गुंडाळून बसले होते. ते उठून आमच्याकडं आले.

"बेटी," त्यांनी विचारलं, "शादी कब हुई?"

हाजीरबाई शालीची घडी सारखी करत राहिल्या. मुनशीजींनी पुन्हा विचारलं. मग त्या अगदी हळू म्हणाल्या, "नाय जी झाली."

"फिर हां कायको बोली?"

"त्येनं इचारलं व्हतं. आमच्या म्हातारीपाशी. म्हातारी म्हनली कर, माज्यामागं तुजं कोन हाय. म्या अजून काय बोलले नाय त्येला. पर मनात आलं व्हतं जी." एवढं बोलून त्या माझ्याकडं वळल्या. इतक्या वर्षांत माझ्या डोळ्यांत त्यांनी प्रथमच पाहिलं. "सरकारला कसं कळलं?"

मुनशीजींनी फायलीतून तलाठ्याचा तक्ता काढला. चष्मा लावून ती एक ओळ वाचली. परत वाचली. मग आपल्या टेबलाशी गेले, खण उघडला आणि शब्दकोश काढून पानं उलटायला लागले. मी आणि बाई दोघंही त्यांच्या बोटाकडं बघत होतो. त्यांनी शब्दावर बोट ठेवलं आणि मला विचारलं, "अरे, पाट का मतलब नहर भी होता है ना?"

मग बाईंकडं वळून विचारलं, खेत में पाट आया क्या. बाई म्हणाल्या, आला की, दिवाळीच्या आधीच आला, धरणाचं पाणी आमच्याच जमिनीतून पुढं गेलंय. जमीन सरकारनं दिलेली, तिच्यातून कालवा गेला, कोरडवाहूची बागायत झाली. हा बदल तलाठ्यानं इमानदारीनं नोंदवला होता. आणि लग्नाचं विचारणारा माणूसही त्या पाटावरच होता, पाणी वाटून देणारा पाटकरी, पहिली बायको वारलेला.

आता भ्यायची पाळी माझी होती. नोकरी हंगामी, आणि त्याच हंगामी नोकरीवर माझं लग्न ठरलेलं, महिन्यावर आलेलं. देशातल्या सगळ्यात मोठ्या पदकाच्या विधवेवर खोटा ठपका ठेवला, हे साहेबांना कळलं तर मी दुसऱ्या दिवशी घरी. साहेब स्वतः फौजेतले, त्या पदकाचं नाव निघालं तरी उभे राहणारे. मुनशीजींनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. हळूच म्हणाले, मैं अंदर संभालता हूँ, तू इसको बोल दे, गलती अपनी है. आणि फाईल घेऊन ते साहेबांच्या खोलीत गेले. चूक आपल्या विभागाची, मी आजारी असल्यानं नजरेतून सुटली, असं त्यांनी आत सांगितलं आणि चार शब्द ऐकून घेतले. माझं नाव त्यांनी घेतलं नाही.

बाहेर मी आणि हाजीरबाई. मला एवढंच म्हणायचं होतं की बाई, मी चुकीचं वाचलं, तुमच्या मनातलं सरकारला काही माहीत नाही, सरकारला ते कळायची सोय नाही, आणि तुम्हाला लग्न करायचं असेल तर खुशाल करा, फक्त भत्ता बंद होईल, पदकाला कुणी हात लावणार नाही, जमीनही तुमच्या नावावर राहील. हे सगळं मला पाठ होतं, ते सांगायचाच मला पगार मिळत होता. पण बाई हे गावात सांगणार, तलाठी हसणार, त्याचं हसणं तालुक्यातून फिरत साहेबांच्या टेबलावर येणार, असं माझं डोकं चालत गेलं. मी घसा खाकरला आणि म्हणालो, "चौकशी पुरी झाली. तुमच्याविरुद्ध काही निघालं नाही. सगळं पहिल्यासारखं चालू राहील. पण यापुढं जरा जपून राहा."

त्यांनी हात जोडले. दोन वेळा जोडले. शालींच्या घड्या पुन्हा नीट केल्या, गाठोडं बांधलं आणि गेल्या.

मुनशीजींनी बाहेर येऊन विचारलं, बोल दिया? मी म्हणालो, बोल दिया. त्यांना तेवढं पुरलं. पुढं ते निवृत्त झाले, आणि काही वर्षांनी खुलताबादेत वारले. त्यांच्या मयतीला मी गेलो होतो. तिथंही हे मनात होतं.

पुढच्या नोव्हेंबरात हाजीरबाई आल्या. पहिल्या कागदावर अंगठा झाला. दुसरा कागद पुढं सरकवला, तेव्हा मी काही विचारायच्या आधी त्यांनी खालमानेनं सांगितलं, "त्येला नाय म्हनून सांगितलं जी. त्यो बदली घेऊन गेला. आता जपूनच हाय." जणू सरकारनं सोपवलेलं एखादं काम उरकलं, ते कळवायला त्या आल्या होत्या. त्या वर्षी त्यांचा हात थरथरला नाही. ठसा अगदी स्वच्छ उठला, रेघन्‌रेघ दिसत होती. त्याखाली 'माझ्यासमक्ष' असं लिहून मी सही केली. तेव्हा माझं लग्न होऊन वर्ष होत आलं होतं आणि मी कायम झालो होतो.

त्यानंतर किती नोव्हेंबर गेले, मोजले नाहीत. दरवेळी मी ठरवायचो की आज सांगू. दरवेळी कुणी ना कुणी समोर असायचं, नाहीतर माझी बढती तोंडावर आलेली असायची, नाहीतर पोराची फी. भित्र्या माणसाला कारणं कमी पडत नाहीत, हे मी स्वतःवरून सांगतो. मी त्यांना हाजीरबाई म्हणायचं सोडलं, पण नाव कार्यालयात रुजलं होतं, नवे लिपिकही तेच म्हणायचे. पाटाच्या पाण्यावर त्यांनी मोसंबी लावली होती. दर नोव्हेंबरला त्या चार मोसंबी पिशवीतून काढून माझ्या टेबलाच्या कडेला ठेवायच्या आणि म्हणायच्या की साहेब, तुमच्यामुळं सगळं चालू राहिलं. मी ती घरी न्यायचो. बायको रस काढायची, पोरं प्यायची. मी कधी प्यायलो नाही. पित्ताचं निमित्त सांगायचो.

म्हातारी गेली तेव्हा मी त्यांच्या गावी जाऊन आलो. तेव्हाही सांगितलं नाही. मग मी निवृत्त झालो, आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात मला स्वतःला हयातीचा दाखला द्यायला बँकेत जावं लागलं. बाकावर आमच्यासारखे दहा-पंधरा म्हातारे बसले होते. खिडकीतली मुलगी माझ्या पोरांच्या वयाची. मला काही भ्यायचं कारण नव्हतं. पण तिनं माझं नाव पुकारलं आणि माझे पाय आपोआप उभे राहिले, नजर फरशीवर गेली, आणि तोंडातून निघालं, हाजीर. मुलगी हसली, म्हणाली, आजोबा, बसा ना. मला बसता येईना. कागदात काही चुकलं असेल तर, हिनं काही वेगळंच वाचलं तर, असं वाटत राहिलं. सगळा जन्म या बाईनं असा काढला, आणि त्यातला मोठा भाग माझ्यामुळं, हे त्या खिडकीशी मला पहिल्यांदा अंगाला कळलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पाचोडची एसटी धरली.

हाजीरबाई ओसरीत मोसंबीच्या पाट्या लावत होत्या. केस पांढरे झाले होते. मला बघितलं तशा उठल्या, पदर ओढला आणि म्हणाल्या, "हाजीर हाय. काय बंद झालं का जी?" मी म्हणालो, काही बंद झालं नाही, तुम्ही आधी बसा. त्या बसेनात, तेव्हा मीच खाली बसलो, मग त्या बसल्या. मी सगळं सांगितलं. तलाठ्याची ओळ सांगितली, माझं टिपण सांगितलं, मुनशीजींचा शब्दकोश सांगितला. जपून राहा म्हणालो ते सरकारचं नव्हतं, माझं होतं, माझी नोकरी वाचवायला होतं, हेही सांगितलं. सांगताना मला रडू आलं, ते मी आवरलं नाही.

त्या ऐकत होत्या. हातातलं मोसंबं त्यांनी दोन्ही तळव्यांत धरून ठेवलं होतं. मी थांबलो. मग त्यांनी विचारलं, "म्हंजी मनातलं कुनाला बी ठावं नव्हतं?"

नव्हतं, मी म्हणालो.

"पाट म्हंजी पाटच व्हता. पान्याचा."

मी मान हलवली. त्या बाहेर बघत राहिल्या. दाराच्या चौकटीतून पाटाकडं जाणारी वाट दिसत होती आणि समोरच्या अंगणात एक शेजारीण वाळवण हलवत होती. त्या आता रागावतील, मला घालवून देतील, निदान तोंड फिरवतील, असं मला वाटत होतं, आणि तसं झालं असतं तर मला फार बरं वाटलं असतं. पण शेजारणीकडं नजर जाताच त्यांच्या तोंडावर तो जुना घाबरेपणा आला, जो मी कार्यालयात वर्षानुवर्षं बघितला होता. त्या माझ्याजवळ सरकल्या आणि अगदी कुजबुजत्या आवाजात म्हणाल्या, "हे आता दुसऱ्या कुनापाशी बोलू नका जी. तुमची पेन्शन बंद करतेल."

आणि उठून त्यांनी दार लोटून घेतलं.